नववा कॅमेरा

कॅमेऱ्यांचं कोटेशन देताना शेवटी ‘न दिसणारे’ असा मथळा घालून त्याखाली यादी लिहिणारा माणूस उभ्या गोव्यात एकच असेल. त्या माणसाबरोबर मी चार वर्षं काम केलं. कॅमेरे किती, केबल किती मीटर, रेकॉर्डिंग किती दिवस राहणार, हे सगळेच लिहितात. भाई त्याखाली लिहायचे: ‘न दिसणारे – १. तांदळाच्या पोत्यांमागची जागा. २. जिन्याखालचा भाग. ३. मालकाची खुर्ची.’ गिऱ्हाईक चक्रावायचं. पैसे आपण द्यायचे आणि वर हे वाचायचं? भाई शांतपणे म्हणायचे, “दिसता तें तूं टीव्हीर पळयतलो. दिसना तें माका सांगूंक जाय.” दिसतं ते तू टीव्हीवर बघशीलच, दिसत नाही ते मी सांगायला हवं.

आमचा मालक कपाळाला हात लावायचा. पेडण्याच्या बाजाराजवळ त्याचं छोटं दुकान. पुढे काउंटर, मागे केबलची बंडलं आणि कोपऱ्यात कोटेशन करायचा कॉम्प्युटर. त्यावर मी. आपल्याच मालात काय उणं आहे ते विकणाऱ्यानेच आधी लिहून द्यायचं, असला धंदा मालकाने कधी पाहिला नव्हता. तो मला डोळ्याने खुणावायचा आणि मी टाइप करताना ती यादी गाळून टाकायचो. भाई छापील कागद हातात घ्यायचे, चष्मा वर करायचे, आणि पेनाने सगळी यादी समासात पुन्हा लिहायचे. मग त्या सुंदर छापलेल्या कागदाची शोभा जायची आणि मला राग यायचा.

भाईंच्या अशा गमती मी अजूनही लोकांना सांगतो. लोक हसतात. एक गोष्ट मात्र मी आजवर कोणाला सांगितलेली नाही. ती सांगायचीच म्हणून आज बसलो, तर आधी या गमतीच आठवतायत. त्यातही माझा वेळ काढायचा डाव असणार.

भाई डिचोलीकडचे. खाणीवर सर्वेयर होते. खाणी बंद झाल्या तेव्हा कोणी ट्रक विकले, कोणी घरी बसलं. भाईंनी पन्नाशी उलटल्यावर आमच्या मालकाकडे नोकरी धरली. रोज दोन बस बदलून यायचे. खाणीवरचं पिवळं हेल्मेट त्यांनी सोबत आणलं होतं, आणि चार पायऱ्यांच्या शिडीवर चढायचं असलं तरी ते डोक्यावर चढायचं. मोजायला टेप होती, पण त्यांचा विश्वास सुतळीवर. जिथे कॅमेरा लागणार तिथे खिळा मारून सुतळी बांधायची आणि दुसरं टोक हातात धरून दुकानभर फिरायचं. कपाटाला अडली, खांबाला अडली, की तिथे खडूने फुली. नंतर दिवे बंद करून त्याच जागेवरून टॉर्च मारायचा. जिथे उजेड पोचत नाही तिथे दुसरी फुली. नकाशा काढायला कागद म्हणजे मागच्या वर्षाच्या कॅलेंडरची पानं. माझ्याकडे मोबाइलवर याचं तयार ॲप होतं. खोलीचं माप घातलं की कोन आणि अंतर आपोआप निघायचं. मी ते एकदा भाईंना दाखवलं. त्यांनी नीट बघितलं आणि विचारलं, “हातूंत माणसां खंय बसतात?” यात माणसं कुठे बसतात, ते माझ्या ॲपमध्ये नव्हतं.

सुतळी आणि टॉर्च हे झालं अर्ध्या तासाचं काम. खरा सर्वे त्यानंतर. भाई एक स्टूल मागून घ्यायचे आणि दुकानात दिवसभर बसून राहायचे. अगदी सकाळी उघडल्यापासून बंद होईपर्यंत. सोबत डब्यात पेज आणि लोणचं. गिऱ्हाइकाकडचं ते पाण्याशिवाय काही घेत नसत. “दीसभर बसल्याबगर दुकान कळना,” हे त्यांचं ठरलेलं वाक्य. मालक म्हणायचा, दिवसाला एकच सर्वे करणारा माणूस मला परवडत नाही. पण काढूनही टाकत नव्हता, कारण भाईंनी लावलेल्या कॅमेऱ्याची तक्रार म्हणून कधी येत नसे.

एकदा एका पोदेराने, म्हणजे पाव भाजणाऱ्याने, बोलावलं. भट्टीतून निघालेले उंडे, म्हणजे गोल पाव, आणि दुकानात विकले गेलेले उंडे यांचा मेळ बसत नव्हता, आणि त्याचा संशय भट्टीवरच्या कामगारांवर होता. भाई पहाटेच्या पहिल्या घाण्यापासून स्टुलावर. अकरा वाजता उठले आणि म्हणाले, “चोर तुजो उजवो हात.” प्रत्येक डझनामागे त्याचा हात आपोआप एक उंडा जास्त टाकत होता. त्याच्या बापाने लहानपणी लावलेली सवय, गिऱ्हाइकाच्या पोराच्या हातात द्यायला म्हणून. पोदेर आधी रागावला, मग हसत सुटला. कॅमेरा एकही लागला नाही. भाई पैसे देऊन घेतलेले, कागदात गुंडाळलेले दोन गरम उंडे घेऊन दुकानात आले आणि एक माझ्यासमोर ठेवला. मालकाने ते बघितलं आणि तो आतल्या खोलीत निघून गेला.

माणूस असा चांगला होता, पण गोड नव्हता. हे सांगितलं पाहिजे, नाहीतर माझं वागणं उगाच राक्षसाचं वाटेल. भाईंची जीभ फार वाईट. मांद्रेला एका गेस्टहाऊसवाल्यासाठी मी चौदा कॅमेऱ्यांचं कोटेशन केलं होतं. रंगीत नकाशा, तीन पर्याय, सगळं. दोन रात्री त्यावर घालवल्या होत्या. भाईंनी ते त्या माणसासमोर आणि त्याच्या बायकोसमोर उघडलं, दोन पानं उलटली आणि मिटून टाकलं. म्हणाले, “पाच पुरो. बाकी चार बल्ब लाय आनी एक सुणें पोस.” त्यांनी तिथल्या तिथे नवा कागद घेतला आणि खरोखरच लिहिलं: कॅमेरे ५, बल्ब ४, कुत्रा १. मी म्हटलं, भाई, मी सगळी जागा मोजून केलंय ते. तर माझ्याकडे न बघता ते त्या बाईला म्हणाले, “हाका मोजूंक येता. पळोवंक येना.”

नवरा-बायको दोघंही हसली. मीही हसलो. पण परतीच्या वाटेवर गाडीवर मागे बसलेल्या भाईंशी मी एक शब्द बोललो नाही. त्यांना ते कळलंही नसेल. मोजता येतं, बघता येत नाही, हे वाक्य मला पुढे वर्षभर सलत राहिलं.

त्यानंतर धारगळच्या शेटचं काम आलं.

हमरस्त्याला लागून शेटचं घाऊक दुकान. किनाऱ्यावरच्या शॅकवाल्यांना आणि गेस्टहाऊसवाल्यांना तेल, तांदूळ, कडधान्य, मसाले जायचे ते तिथून. एका बाजूला दारूचं कपाटही होतं. दोन वर्षांपूर्वी शेट एका महाराजांच्या बैठकीला जाऊ लागले होते. मांस-मासे सोडले, घोट सोडला, कपाळाला गंध आलं. विकायला मात्र हरकत नव्हती. तर त्या कपाटातून आठवड्याला फेणीची एक लहान बाटली कमी भरत होती. फक्त एक, पण दर आठवड्याला. शेट म्हणाले, “एका बाटलेन म्हजें दुकान बुडचें ना. पण चोर घरांतलो आसा. तो माका जाय.”

दुकानाच्या मागच्या भागात शेटची वहिनी बसायची. तिला सगळे वयनीच म्हणायचे. थोरल्या भावाने हे दुकान काढलं, तो वारल्यावर शेटनी ते वाढवलं. वयनीला मूलबाळ नव्हतं. शेटच्याच घरात राहायची आणि दिवसभर मागे पोत्यांच्या ओळीत बसून कडधान्य निवडायची, मिरच्यांची पाकिटं भरायची. साठीची, बारीक, कमी बोलणारी. मी दोनदा गेलो, तेवढ्यात तिने दोन्ही वेळा मला पाण्याबरोबर गूळ दिला होता.

भाई शनिवारी दिवसभर बसले, आणि रविवारीही गेले. रविवारी दुकान दुपारपर्यंतच उघडं असतं. तरी ते संध्याकाळपर्यंत तिथे थांबले, हे मला नंतर कळलं. सोमवारी त्यांनी कॅलेंडरच्या पानावर काढलेला नकाशा माझ्यासमोर टाकला. कॅमेरे आठ. खाली ‘न दिसणारे’च्या यादीत पहिलंच होतं: ‘मागचे दार – मुद्दाम.’

इथे धंद्यातली एक गोष्ट सांगायला हवी. कॅमेरे ज्या पेटीला जोडतात ती चारची मिळते, आठची मिळते, मग एकदम सोळाची. आठ कॅमेरे असले की आठची पेटी पुरते. नववा लावला की पेटी सोळाची, डिस्क मोठी, सगळंच मोठं. भाई गिऱ्हाइकाला आठवर थांबवण्यासाठी जिवाचं रान करायचे, आणि मालक मला दुकानात शिकवायचा की आपली भाकरी नवव्यावर आहे.

शेटने नकाशा बघून विचारलं, मागचं दार का नाही? भाई म्हणाले, “थंय गरज ना. बाटल्यो आतां वचच्यो नात.” आणि खरंच, त्या आठवड्यापासून बाटल्या जायच्या थांबल्या. शेटना ते पटण्याऐवजी त्यांचा संशय वाढला. हा माणूस चोराला ओळखतो! त्यांनी तसं विचारलं तेव्हा भाई म्हणाले, “शेटी, तुका बाटल्यो जाय काय चोर जाय?”

शेटना चोर हवा होता. आणि मला नववा कॅमेरा हवा होता.

त्याच सुमारास भाई डोळ्याच्या ऑपरेशनसाठी पंधरा दिवस रजेवर गेले. जोडणीचं काम माझ्याकडे आलं. मी शेटना बाजूला घेतलं आणि सांगितलं की मागच्या दाराशिवाय या सगळ्याला अर्थ नाही, भाई आता जुने झाले, त्यांना नवीन पद्धत कळत नाही. शेट लगेच तयार झाले. मी नववा कॅमेरा दाराच्या आतल्या बाजूने बसवला, सोळाची पेटी घातली, आणि वर एक मोठा टीव्ही काउंटरवर गिऱ्हाइकांकडे तोंड करून लावून दिला. लोकांना आपण दिसतोय हे कळलं की अर्धी चोरी तिथेच थांबते, असं मी शेटना समजावलं. मालकाने माझी पाठ थोपटली. सर्वेचं काम आणि दुकानाची मोटरसायकल कायमची माझ्याकडे येऊ शकते, असं तो सहज बोलून गेला. तो सहज बोलत नसतो.

दोन रविवार गेले. सोमवारी सकाळी मी घरी बसून मोबाइलवर रेकॉर्डिंग उघडलं. रविवारची संध्याकाळ, दुकान बंद, मागचा भाग. वयनी आली. पोत्यांच्या मागे हात घालून तिने एक लहान बाटली काढली. कागदात बांधलेला उंडा, विडीचं बंडल आणि आगपेटी घेतली. सगळं पदराखाली धरलं, पदर डोक्यावरून ओढला. दारापाशी थांबली. पायातल्या चपला काढून उंबऱ्याच्या आत ठेवल्या आणि अनवाणी बाहेर गेली. पाच मिनिटांनी हात रिकामे घेऊन परत आली, चपला घातल्या, दार लावलं. त्याच्या आदल्या रविवारीही तेच.

चोर चपला काढून ठेवत नाही. मला बघताक्षणी कळलं. कळायला मला एक क्षणही लागला नाही, कारण माझी आई तेच करते. आमच्या वाड्यावर घरामागच्या झाडाखाली राखणदाराची जागा आहे. तो दिसत नाही, पण जमिनीची हद्द राखतो, अशी आमच्याकडे जुनी समजूत. त्याला आठवड्याला थोडा सोरो म्हणजे दारू, विडी आणि पाव द्यायचा, अनवाणी जाऊन. शेटच्या दुकानामागेही तसंच झाड होतं. थोरला भाऊ होता तोवर तो द्यायचा. शेट बैठकीला जाऊ लागल्यावर त्यांनी ते बंद केलं आणि घरात पुन्हा नाव काढायचं नाही म्हणून सांगितलं, हे सगळ्या धारगळला माहीत होतं. नवऱ्याने सांभाळलेलं वयनीने चोरून चालू ठेवलं होतं.

म्हणजे मोबाइल हातात धरून मी बसलो होतो तेव्हा मला सगळं माहीत होतं. मी वयनीला एकटीला जाऊन सांगू शकत होतो. शेटना आत बोलावून गुपचूप दाखवू शकत होतो. निदान भाईंना फोन करू शकत होतो. मी शेटना फोन केला आणि म्हटलं, “सापडलो.” कोण, असं त्यांनी विचारलं. मी म्हटलं, येऊन दाखवतो. मग मी मालकाला फोन केला, की भाईंनी मुद्दाम वगळलेल्या जागेतच माल सापडलाय, तुम्हीही या. भाईंचा रजेनंतरचा तो पहिलाच दिवस होता. मालक त्यांनाही घेऊन आला.

सोमवारी सकाळी शेटच्या दुकानात गर्दी असते. किनाऱ्यावरचे लोक टेम्पो, रिक्षा घेऊन आलेले. मागे वयनी सूप घेऊन मूग निवडत बसली होती. मी शेटना म्हणू शकलो असतो की आतल्या खोलीत लावू. तसं म्हटलं नाही. शेटच म्हणाले, “हंगाच लाय. सगळ्यांक कळूं दी.” आणि मी त्या मोठ्या टीव्हीवर ते लावलं.

वयनी पडद्यावर आली. बाटली निघाली, पदराखाली गेली. तेवढ्यात कोणीतरी मागून म्हणालं, “सांजेचो घोट मारता दिसता!” दोघे-तिघे हसले. आवाजाने वयनी सूप बाजूला ठेवून पुढे आली. तिने आयुष्यात स्वतःला असं कधी बघितलं नसावं. क्षणभर ती ओळखीचं कोणी दिसावं तशी बघत राहिली, मग हळूच म्हणाली, “ही हांव?” आणि तिने डोक्यावरून पदर ओढला, अगदी पडद्यावर ओढत होती तसाच. तो हात मला अजून दिसतो.

शेटचा चेहरा लाल झाला. त्यांना नोकर सापडायला हवा होता. ते काही बोलायच्या आत भाई पुढे आले. डोळ्यावर हिरवा काळपट चष्मा, कपाळावर अजून पट्टीची खूण. म्हणाले, “शेटी, ती बाटली तुज्या दुकानांतली न्हय. हांवें हाडून दिल्ली. तुजीं कपाटां मोजून पळय.”

खरं होतं ते. त्या पहिल्या रविवारी भाईंनी तिला बघितलं आणि तिच्याशी बोलले. दुकानातली घेऊ नको, मी देतो, असं ठरलं. दर शनिवारी घरी जाताना ते धारगळला बसमधून उतरायचे आणि एक बाटली तिच्याकडे देऊन पुढची बस धरायचे. ऑपरेशनला जाण्याआधी दोन बाटल्या आगाऊ दिल्या होत्या. एका म्हाताऱ्या बाईची अब्रूही राहील आणि शेटचं कपाटही बरोबर भरेल, असा तो त्यांचा साधा नकाशा होता. त्या वेळी कपाट मोजलं असतं तर दोन मिनिटांत खरं कळलं असतं. कोणीही मोजलं नाही. मीही नाही.

“तुवें दिल्ली? कित्याक?” शेटनी विचारलं.

“ती पिना, शेटी. भायर दिता. राखणदाराक.”

हे ऐकून लोक एकमेकांकडे बघू लागले. शेटना त्यापेक्षा वयनी पिते म्हटलेलं परवडलं असतं. बैठकीतले दोघे तिथेच तेल घ्यायला उभे होते. शेट ओरडले, “म्हज्या घरांत तें बंद केलां! दोन वर्सां जालीं! खंय आसा राखणदार? दाखय माका. कॅमेऱ्यांत दिसता?”

“दाराभायलें कॅमेऱ्याक दिसना,” भाई म्हणाले. मग ते वळले. इतक्या माणसांत त्यांनी मला शोधलं आणि माझ्या खांद्यावर हात ठेवला. “हो पेडण्याचो भुरगो. हाका खबर आसतलें. चपलां काडून तिनसांजे कोण भायर वता आनी कित्याक वता, तें हाका विचार. सांग रे.”

सगळे माझ्याकडे बघत होते. मालक बघत होता. शेट बघत होते. वयनीही बघत होती, आणि तिच्या नजरेत थोडी आशा होती, ते मला नीट दिसलं. एक वाक्य पुरलं असतं. शेट बाहेरच्या भाईंवर विश्वास ठेवणार नव्हते, पण मी त्याच भागातला होतो आणि पुरावाही मीच आणला होता. माझं त्यांनी ऐकलं असतं. पण मग पुढचा प्रश्न आला असता, की तुला माहीत होतं तर चार लोकांत लावलंस कशाला? शिवाय तोवर मी इस्त्रीचा शर्ट घालून, कॉम्प्युटरवाला म्हणून मिरवत होतो. माझ्या घरी अजून झाडाखाली सोरो ओततात हे मला त्या गर्दीत बोलायचं नव्हतं.

मी म्हटलं, “माका खबर ना.”

भाईंनी खांद्यावरचा हात काढला. घाईने नाही, हळूच.

पुढचं सगळं फार लवकर झालं. गिऱ्हाइकाच्या घरातल्या बाईला बाटल्या पुरवणारा माणूस मला नको, असं मालक तिथेच सर्वांसमोर म्हणाला. भाई वयनीकडे गेले, हात जोडले आणि रस्त्यावर जाऊन बसची वाट बघत उभे राहिले. वयनी त्याच आठवड्यात आपल्या भावाकडे सावंतवाडीच्या बाजूला गेली. शेटनी हाकललं नाही, पण थांब असंही म्हटलं नाही. धारगळला लोक आजही तिचं नाव निघालं की अंगठा तोंडाकडे नेऊन दाखवतात. जिने आयुष्यात थेंब चाखला नाही त्या बाईवर हे नाव मी चिकटवलं. ते आता निघायचं नाही. मोटरसायकल आणि सर्वेचं काम मला मिळालं. वयनीची गोष्ट कानावर आल्यावर आई एकदा म्हणाली, बिचारी, कोणीतरी बोलायला हवं होतं. मी जेवत होतो. जेवत राहिलो.

पाच-सहा महिन्यांनी डिचोलीला एका औषधाच्या दुकानाचं काम निघालं. भाईंचं घर तिथून लांब नव्हतं. आज जाऊन सगळं सांगायचं, पायावर डोकं ठेवायचं, असं ठरवून मी गेलो. वाटेवर शब्दसुद्धा जुळवले होते.

भाई अंगणात मिरचीच्या रोपांना काठ्या बांधत होते. सुतळीने. मला बघून त्यांना खरोखर आनंद झाला. “बस रे, बस. च्या घेतलो न्हय?” काळा चहा आला. त्यांनी दुकानाची चौकशी केली, मालकाच्या गुडघ्याची चौकशी केली. दर रविवारी दोन बस बदलून धारगळला जातात, हमरस्त्याने न जाता मागच्या शेताच्या बांधावरून झाडापर्यंत जाऊन राखणदाराचं देऊन येतात, हेही सहज सांगितलं. वयनीला तसा शब्द दिलाय म्हणाले. महिन्याला एकदा तिला जाऊन तेवढंच सांगून येतात.

मी तोंड उघडणार होतो. खरंच उघडणार होतो. पण तेच आधी बोलले.

“तुजेकडेन एक उलोवपाचें आसलें,” ते खाली बघत म्हणाले. “त्या दिसा हांवें तुका सगळ्यांमुखार मदीं ओडलो. चुकलें म्हजें. आतांच्या घरांनी हें कोण करता? कोण भुरग्यांक सांगता? तुका खबर ना, तें तूं कशें सांगतलो? आनी हांव मात म्हयनोभर तुका मनांत फटकिरो म्हणत रावलों.” फटकिरो म्हणजे खोटारडा. मग त्यांनी माझ्याकडे बघितलं. ऑपरेशननंतर त्यांचे डोळे एकदम स्वच्छ झाले होते. “माफ कर माका.”

सांगायची वेळ ती होती. समोर कोणी नव्हतं, मालक नव्हता, गर्दी नव्हती. अंगणात आम्ही दोघेच.

मी म्हटलं, “जांव दी, भाई. हांवें मनाक लावन घेवंक ना.”

त्यांचा चेहरा मोकळा झाला. मोठं ओझं उतरल्यासारखे ते उठले, आत गेले आणि माझ्यासाठी आणखी एक कप चहा घेऊन आले. तो मी प्यायलो.